आधी साहेब चाखतील

श्रीकांत गेल्याची बातमी आली तेव्हा मी दुसऱ्याच कुणाच्या तरी मृत्यूचा दाखला तपासत होते. विमा कंपनीत डेथ क्लेमच्या टेबलावर इतकी वर्षं काढल्यावर मृत्यू हा माझ्यासाठी आधी एक कागद असतो, बाकीचं मग. फोनवर भंवरलाल होता, श्रीकांतच्या जेलमधला मुख्य प्रहरी. "भाभीजी, साब गिर गये हैं, आप अस्पताल आ जाइए," एवढंच म्हणाला आणि थांबला. मी विचारलं, "गिर गये हैं या गुज़र गये हैं? साफ बोलिए." पलीकडून नुसता श्वास ऐकू आला… समोर बसलेल्या बाईला मी म्हटलं, दाखल्यावर शिक्का राहिलाय, तो घेऊन उद्या या. पर्स उचलली आणि निघाले. लोक नंतर म्हणाले, मंजू किती धीराची. धीर वगैरे काही नव्हता. त्या बाईचा शिक्का खरंच राहिला होता.

श्रीकांत पाटणकर माझा नवरा. जन्म जयपूरचा. वडील केंद्र सरकारच्या नोकरीत बदली होऊन इथे आले आणि इथलेच झाले. त्याची मराठी घरात शिकलेली, मध्ये एकदा 'मतलब' आल्याशिवाय वाक्य पुढे सरकत नसे. मी सोलापूरची. लग्न ठरवताना मध्यस्थांनी 'राजस्थान सरकारात अधिकारी' एवढंच सांगितलं होतं, खातं कुठलं ते अगदी शेवटी. तुरुंगखातं. माझी आई म्हणाली, "असू दे, गजांच्या बाहेरच्या बाजूला आहे ना?" श्रीकांतला हे वाक्य फार आवडायचं. बढतीची बातमी आली की म्हणायचा, "आईंना कळव, अजून बाहेरच्या बाजूलाच आहे."

शेवटची काही वर्षं तो ज्या जेलवर होता ती साधी जेल नव्हती. आमेर मागे टाकून डोंगरातून बरंच पुढे गेलं की नजरेच्या टप्प्यात एकही गाव नसलेली एक उघडी जागा लागते. तिथे ती आहे. बाकीच्या तुरुंगांना जे सांभाळता येत नाहीत ते इथे आणतात. प्रत्येकाला वेगळी कोठडी. फोन लागत नाही. कोर्टाची तारीखसुद्धा व्हिडिओच्या पडद्यावर. दोन टोळ्यांची माणसं दोन बराकींत समोरासमोर, मध्ये एक फरशी घातलेलं अंगण, आणि त्या अंगणात फिरायला सोडायचं ते एका वेळी एकालाच. ज्यांचे काळा चष्मा लावलेले फोटो इथली कॉलेजची पोरं मोबाइलवर मिरवतात, ते सगळे तिथे भिंतीकडे बघत बसलेले असतात. श्रीकांत आठवडाभर तिथल्या क्वार्टरमध्ये राहायचा आणि रविवारी विद्याधर नगरला घरी यायचा. मी नोकरी सोडून त्या माळावर राहायला जाणं शक्य नव्हतं, आणि त्याने कधी तसं म्हटलंही नाही.

रविवारी तो घरी यायचा खरा, पण त्याच्याबरोबर ती सगळी माणसंही यायची. नावं तो घेत नसे. कोठडीच्या नंबराने बोलायचा. तीन नंबरने किती माणसं मारली याची वर्तमानपत्रांतही एकवाक्यता नाही, पण पाल दिसली की तो गज धरून ओरडायचा आणि प्रहरी झाडू घेऊन धावायचे. दुसरा एक जण कोर्टाच्या तारखेच्या आदल्या दिवशी पॅन्टची घडी गादीखाली घालून झोपायचा. इस्त्री व्हावी म्हणून. "अरे, पडद्यावर छातीपर्यंतच दिसतं," असं श्रीकांतने त्याला सांगितलं, तर म्हणाला, "साब, मला तर पूर्ण दिसतं ना." आणि सात नंबर. त्याच्या नावाचा फोन आला की जयपूरचे बिल्डर दारं लावून घ्यायचे म्हणे. आता त्याला भेटायला कुणी येत नव्हतं. एक आई होती, तीही गेली. त्याच्या कोठडीत सकाळी उन्हाचा एक पट्टा येई आणि तो पट्टा सरकेल तशी सात नंबर आपली चटई सरकवी. "सूरजमुखी आहे तो," श्रीकांत म्हणायचा. हे सांगताना त्याच्या चेहऱ्यावर जे यायचं ते मी बघत बसायची. माझ्याबद्दल, आमच्या लेकीबद्दल, ईशाबद्दल बोलताना ते मला दिसल्याचं आठवत नाही.

मला हेवा वाटायचा. दुसरा सौम्य शब्द मी शोधणार नाही. मैत्रिणींना वाटे मला काळजी वाटते, कारण अशा नोकरीत धमक्या येतात, गाडीमागे मोटारसायकली लागतात. काळजीही होती. पण खरी गोष्ट हेव्याची. नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई असली तर निदान तिला नावं ठेवता येतात. इथे ज्यांचा हेवा करायचा त्यांना सगळ्या जगाने आधीच नावं ठेवलेली, त्यात मी आणखी काय भर घालणार? त्यातल्या कुणाची दाढ दुखते, कुणाला थंडीत दमा होतो, कुणाला दुधावरची साय चालत नाही हे त्याला तोंडपाठ. मी चहात साखर सोडून दोन वर्षं झाली होती आणि तो दर रविवारी माझ्या कपात साखर घालून आणत होता.

सगळ्यात जास्त हेवा मला जेवणाचा वाटायचा. बंद्यांना वाढण्याआधी अधिकाऱ्याने अन्न चाखायचं हा नियम सगळ्याच तुरुंगांत आहे. बहुतेक ठिकाणी चमचा ओठाला लावला की झालं. श्रीकांतच्या जेलमध्ये तेवढ्याने भागत नसे. समोरच्या टोळीने स्वयंपाक्याला फितवलं तर काय, ही भीती दोन्ही बराकींच्या मनात कायमची. म्हणून तिथे एक रीत पडली होती, आणि ती श्रीकांतनेच पाडली होती. दोन्ही वेळा पातेली अंगणात, सगळ्या गजांमधून दिसतील अशी आणून ठेवायची. तो आपला चमचा काढायचा, वाटीभर डाळ, भाजी, अर्धी रोटी सगळ्यांच्या देखत पूर्ण खायचा आणि तिथेच स्टुलावर बसून राहायचा. तेवढ्यात थाळ्या भरून प्रत्येक दाराखालच्या फटीतून आत सरकवल्या जायच्या, पण हात कुणी लावायचं नाही. आधी साहेब चाखतील, मग थोडा वेळ जाईल, साहेब ठीक आहेत असं दिसेल, ते "चलो, खाओ" म्हणतील… मग जेवण. स्टुलावर बसल्याबसल्या त्याचं बोलणं चालायचं. "नमक कम है." "आज मिर्ची किसने डाली? तेरी सास आयी थी क्या?" स्वयंपाकी लाजायचा आणि दोन्हीकडचे गज एकदम हसायचे. एकमेकांच्या जिवावर उठलेली माणसं दिवसातून दोनदा एकाच विनोदाला हसायची, आणि ही गोष्ट माझा नवरा मला रविवारी अभिमानाने सांगायचा.

आमच्या टेबलावर काय व्हायचं? तो पहिला घास घ्यायचा, चमचा खाली ठेवायचा आणि खिडकीकडे बघत गप्प बसायचा. आम्हीही हात आवरून बसायचो. ईशा तेव्हा कॉलेजात होती. ती म्हणायची, "बाबा, आपण घरी आहोत. आईने विष नाही घातलं." तो हसायचा. "आदत झाली, मतलब… जाईल." गेली नाही. मग थोड्या वेळाने "चला" म्हणायचा आणि आम्ही जेवायला लागायचो. चवीबद्दल एक शब्द नाही. छान नाही, वाईट नाही, तिखट नाही, काही नाही. मी म्हणे, कढईभर डाळीवर तिथे एवढं प्रवचन देतोस, इथे आमटी मुकाट्याने गिळतोस. तो खांदे उडवायचा. बरं, घरी बोलायचंच नाही असा काही त्याचा नियम नव्हता. तिलक नगरला त्याची मोठी बहीण राहते, मीनाताई. तिच्याकडे जेवायला गेलो की पहिल्या घासाला म्हणायचा, "ताई, मीठ राहिलं." मीनाताई हसून मीठ आणायच्या. मी घरी येईपर्यंत गाडीत बोलायची नाही. बहिणीला सांगायचं, गुंडांच्या आचाऱ्याला सांगायचं, फक्त मला नाही.

दोन वर्षांपूर्वी त्याला मुख्यालयात यायची संधी होती. जयपुरातच, टेबलाचं काम, रोज संध्याकाळी घरी. मी पडदे बदलायला काढले होते. तो रविवारी आला आणि पडद्यांकडे बघून म्हणाला, "मी नाही म्हणून सांगितलं."

"का?"

"दुसरा कुणी चाखेल तर ते खाणार नाहीत, मंजू. मतलब, दोन्ही बाजूंचा भरोसा एकाच माणसावर बसायला वेळ लागतो."

"मग राहू दे उपाशी."

"असं नाही ना चालत."

"आणि मी?"

तो खरंच गोंधळला. "तू तर जेवतेस की."

यावर बोलण्यासारखं माझ्याकडे पुष्कळ होतं, पण मी पडदे पुन्हा घडी करून कपाटात ठेवले. निर्णय त्याचा चूक होता असं मला तेव्हा वाटत होतं, आजही वाटतं. गेलेल्या माणसाबद्दल लिहिताना अशा गोष्टी गाळायच्या असतात, मला माहीत आहे.

तर, त्या दिवशी मी हॉस्पिटलमध्ये पोचले. हृदयविकाराचा झटका. दुपारच्या जेवणाच्या वेळी, अंगणातच. शवविच्छेदन होणार, व्हिसेरा राखून ठेवणार, याचं मला नवल वाटलं नाही. जेलच्या आवारात माणूस गेला की सगळंच राखून ठेवतात. मोठे साहेब आले, हात जोडून म्हणाले, "मैडम, आज दोनों बैरकों ने थाली लौटा दी. एक आदमी ने भी नहीं खाया. हमने ऐसा कभी नहीं देखा." मी मान हलवली. त्याआधी मी हॉस्पिटलच्या कॅन्टीनमध्ये बसून दोन ब्रेडपकोडे खाल्ले होते. मला रक्तदाबाची गोळी असते, ती रिकाम्या पोटी घेता येत नाही. मीनाताईंनी मला खाताना पाहिलं होतं. मोठ्या साहेबांचं वाक्य त्यांनी पदरात बांधून घेतलं आणि पुढचे तेरा दिवस आलेल्या प्रत्येकासमोर सोडलं. "मतलब सोचा ना, ज्यांनी एवढे मर्डर केले, त्यांनीपण नाही खाल्लं आमच्या श्रीकांतसाठी!" ऐकणाऱ्याच्या डोळ्यांत पाणी यायचं. मग ती नजर माझ्याकडे वळायची, आणि मी त्या वेळी बहुधा कुणालातरी खुर्ची देत असायची, नाहीतर गॅसवाल्याशी बोलत असायची.

ते तेरा दिवस मी मनातून जळत होते. नवरा माझा आणि उपास त्यांचा. जन्मभर त्यांनी त्याला घेतला तो घेतला, शेवटचा शोकही माझ्या हातून काढून घेतला. मला रडू येत नव्हतं आणि भूक लागत होती, आणि तिकडे डोंगरापलीकडे ते सगळे खुनी थाळ्या परत करून बसले होते. त्यांच्याइतकं सुंदर दुःख मला जमत नव्हतं.

काही आठवड्यांनी भंवरलाल घरी आला. सुट्टीचा दिवस, साधे कपडे, हातात कापडी पिशवी. श्रीकांतच्या क्वार्टरमधलं उरलंसुरलं सामान त्यात होतं. टोपी, मफलर, चष्म्याचं घर, आणि एक चमचा. चमचा मी लगेच ओळखला. दांड्यावर आंब्याची कोयरी असलेला, माझ्या रुखवतातल्या सहांपैकी एक. तो हरवला असं मी धरून चालले होते. "इसी से चखते थे साब," भंवरलाल म्हणाला. "स्टूल भी लाता, पर वो सरकारी है."

मी चहा केला. मग, कदाचित स्वतःलाच टोचावं म्हणून, मी विचारलं, "उस दिन सबने उपवास रखा, सुना."

भंवरलालने कप खाली ठेवला. "भाभीजी, बड़े साब ने मना किया था आपको बताने को… उपवास नहीं था. डर था."

मग त्याने सरळ सांगितलं. श्रीकांतने नेहमीसारखं चाखलं, आचाऱ्याला काहीतरी बोलला, स्टुलावर बसला, भिंतीला टेकला आणि तसाच खाली घसरला. क्षणभर कुणालाच कळलं नाही. मग एका बराकीतून आरोळी आली, "ज़हर!" आणि दोन्ही बाजूंनी थाळ्या फटींतून बाहेर भिरकावल्या गेल्या. फरशीवर डाळीचा चिखल झाला. "तेरे आदमी ने मिलाया!" "तेरे बाप ने मिलाया!" असा अंगणाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत शिव्यांचा पूर. धोक्याची घंटा वाजली, एक शिपाई साहेबांकडे धावला आणि दुसरा पातेल्यावर झाकण ठेवून त्याच्यावर बसला, पुरावा म्हणून. तपासणीचा निकाल येईपर्यंत कुणी शिजवलेल्या अन्नाला शिवलं नाही. फक्त केळी खाल्ली, तीही सालाला कुठे सुईचं भोक नाही ना हे उजेडात धरून बघून. जेवणात काही नव्हतं, साहेबांचं हृदयच बंद पडलं, असं कळलं त्या संध्याकाळी तीन नंबरने विचारलं, "तो आज खीर मिलेगी?" नव्या साहेबांनी चाखलं आणि सगळे जेवले. दुसऱ्या कुणाच्या चाखण्याने खाणार नाहीत म्हणून श्रीकांतने मुख्यालय सोडलं होतं, तेच हे सगळे.

मी हसले. श्रीकांत गेल्यापासून पहिल्यांदा, पोट धरून हसले. भंवरलाल घाबरून उभा राहिला, "भाभीजी, पानी लाऊँ?" मी हातानेच त्याला बसवलं. केवढं हलकं वाटलं म्हणून सांगू! कुणी शोक केला नव्हता. मी केलं नाही असं त्यांनी काहीही केलं नव्हतं. उलट मी तरी अंत्यदर्शनाला होते, ते केळी तपासत होते.

हसू ओसरल्यावर मी सहज विचारलं, "मतलब, किसीने भी नहीं खाया?"

"एक ने खाया था," भंवरलाल म्हणाला. "सात नंबर ने."

सगळीकडून थाळ्या उडत होत्या, तेव्हा सात नंबर आपल्या चटईवर मांडी घालून बसला आणि जेवायला लागला. साहेब समोर फरशीवर पडलेले, डॉक्टर अजून यायचा. भंवरलाल त्याच्या गजांवर काठी आपटून ओरडला, "थूक दे, मरेगा!" तो थुंकला नाही. रोटीने वाटी पुसून घेत म्हणाला, "साब नमक कम हो तो बोलते थे. ज़हर होता तो चुप बैठते क्या? दाल ठीक है. तू इधर मत चिल्ला, साब को देख."

नंतर त्याने थाळी धुतली, फटीपाशी उभी करून ठेवली आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहिला. निकाल आल्यावर बाकीच्यांनी त्याला विचारलं, तुला कसं कळलं? तो भिंतीकडेच बघत राहिला. ऊन येतं तेव्हा तो आता चटई सरकवत नाही, एवढं भंवरलालने सांगितलं. मग "चलता हूँ, भाभीजी" म्हणून तो गेला. बस लांबची होती.

मी चमचा हातात घेऊन स्वयंपाकघरात उभी राहिले. त्या सगळ्यांच्या उपासाचा मला वाटला नव्हता इतका हेवा या एकाच्या जेवणाचा वाटला. त्याच्याबद्दल मला माया नाही, ती वाटायचं कारणही नाही. त्याच्या नावाशी जोडलेल्या एका प्रकरणातली विधवा एकदा माझ्या टेबलासमोर बसून गेली आहे. तिचा अर्ज मी भरून घेतला होता. पाणी देऊ का विचारलं तर म्हणाली, नको, घोट उतरत नाही. तिच्या घरात पहिला घास कोण घेतं, मला माहीत नाही. सात नंबर आहे तिथेच मरेल आणि ते योग्यच आहे. पण माझ्या नवऱ्याच्या गप्प बसण्याचा आणि बोलण्याचा अर्थ त्याने गजांमागून लावला, आणि त्या अर्थावर जीव ठेवून तो जेवला. मी त्याच माणसासमोर, त्याच मुक्या वेळात, वर्षानुवर्षं बसले होते. मला वाटत होतं त्याचं मन तिकडे जेलमध्ये आहे. तो फक्त चाखत होता. मुख्यालयाचा राग माझा गेलेला नाही, पण तो वेगळा. तो मी त्याच्याशी भांडूनच संपवेन, कधी भेटला तर.

मीनाताईंना उपासाची खरी गोष्ट मी सांगितलेली नाही. त्या अजून सांगतात, ऐकणारे अजून डोळे पुसतात. हे वाचतील तेव्हा त्यांना कळेल. त्यांची मराठी वाचायची गती पाहता अजून अवकाश आहे.

मागच्या रविवारी त्या जेवायला आल्या होत्या. मी आमटी-भात, शेंगांची चटणी, वांग्याची भाजी केली होती. पानं वाढली. त्यांनी भातात हात घातला, तशी मी म्हटलं, "ताई, थांबा."

"का ग? काय झालं?"

"आधी चाखते."

कोयरीचा चमचा मी आता टेबलावरच ठेवते. त्या चमच्याने मी एक घास आमटी-भात घेतला, चमचा खाली ठेवला आणि खिडकीकडे पाहिलं. समोरच्या गच्चीवर कुणीतरी गोधड्या वाळत घातल्या होत्या. ऊन त्यांच्यावरून हळूहळू सरकत होतं… मीनाताई हात आवरून माझ्याकडे बघत होत्या.

आमटीत मीठ कमी होतं. श्रीकांत होता तेव्हा माझ्या आमटीत मीठ कधी कमी पडलं नाही. पडलं असतं तर तो बोलला असता.

"मीठ कमी आहे," मी मोठ्याने म्हटलं. उठून बरणी आणली, दोघींच्या वाटीत चिमूटभर घातलं, ढवळलं आणि पुन्हा खुर्चीवर बसले.

"चला," मी म्हटलं.